क्योतोच्या बाजारात मी भेंडी मोडली

डाळ जळाली होती, घर नाही. हे आधीच सांगून टाकते, कारण या प्रवासाची सुरुवात त्या डाळीपासून होते आणि आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ती गोष्ट दर खेपेला थोडी मोठी होत गेली आहे. झालं एवढंच, की जूनमधल्या एका दुपारी मी कुकर लावला आणि झाडाची चार लिंबं द्यायला शेजारच्या मालियाकडे गेले. मालिया सामोआ बेटांवरची आहे. तिच्याकडे पाच मिनिटांसाठी गेलेलं माणूस पाच मिनिटांत कधीच परत येत नाही. इकडे कुकरमधलं पाणी संपलं, धूर झाला, अलार्म वाजला आणि ऑकलंडच्या हेन्डरसन भागातल्या आमच्या गल्लीत आगीचा बंब आला. चार धिप्पाड माणसांनी खिडक्या उघडल्या, काळा कुकर अंगणात नेऊन ठेवला, "यू ऑल राइट, लव्ह?" असं विचारलं आणि ते निघून गेले.

तिसऱ्या दिवशी वेलिंग्टनहून नचिकेत आला. नचिकेत माझा एकुलता एक मुलगा, तिथे एका सरकारी खात्यात आयटीत आहे. बारा वर्षांचा असताना पुण्याहून आमच्याबरोबर इथे आला, आता त्याला सहा वर्षांची मुलगी आहे. चहा झाल्यावर फोन काढून त्याने मला एका खोलीचे फोटो दाखवले.

"आई, आमची खालची रूम रिकामीच आहे. सेपरेट बाथरूम आहे, हीट पंप आहे. तू हे युनिट विकून टाक ना. बाबा गेल्यापासून तू एकटी आहेस, आणि आता हे असं."

"हे असं म्हणजे कसं?"

"यू नो व्हॉट आय मीन."

खोली चांगली होती, उगाच नावं ठेवणार नाही. खिडकीतून शेजाऱ्याचं गॅरेज दिसत होतं. माझ्या युनिटच्या, म्हणजे या छोट्या घराच्या खिडकीतून लिंबाचं झाड आणि मालियाची कपड्यांची दोरी दिसते. बासष्ट वर्षांच्या बाईने कशाकडे बघत चहा प्यायचा, हे तिचं तिने ठरवावं असं मला वाटतं. पण मी तसं शांतपणे बोलले नाही. माझं डोकं तापलं आणि मी पैज लावली.

"मी सात दिवस एकटी जपानला जाऊन येते. तिथून एकदा जरी मदतीसाठी तुला फोन केला, तर युनिट विकते आणि येते. नाही केला, तर हा विषय पुन्हा काढायचा नाही."

जपानच का, तर माझ्या फ्रिजवर दोन वर्षं एक फोटो चिकटवलेला होता. विमानातल्या मासिकातून फाडलेला. क्योतो शहरातला निशिकी बाजार: छप्पर घातलेली एक अरुंद गल्ली आणि दोन्ही बाजूंना फक्त खाण्याच्या वस्तू. मी पुण्याच्या मंडईत वाढलेली बाई. बावीस वर्षं प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेली काकडी विकत घेतल्यावर असा फोटो फ्रिजवर लागतोच.

नचिकेत आधी हसला, मग माझा चेहरा बघून थांबला. "सिरियसली? तू व्हेजिटेरियन आहेस. जपानच्या फूड मार्केटमध्ये तू काय खाणार?"

हाच प्रश्न पुढे मला दूर रिकार्टनला राहणाऱ्या मैत्रिणीने विचारला, पुण्याच्या बहिणीने विचारला, भिशीत सगळ्यांनी विचारला. जितक्यांनी विचारला तितकी मी हट्टाला पेटले. नचिकेतची अट एकच होती, निदान एक तरी गोष्ट गाइडबरोबर करायची. त्याने सात दिवसांची बसची टूर शोधली होती. मी तीन तासांच्या बाजारफेरीवर सौदा पटवला.

२०१७ साली गणपती झाले आणि सप्टेंबरच्या मध्याला मी निघाले. मालियाने विमानतळावर सोडलं. ऑकलंड ते टोकियोजवळचा नरिता विमानतळ, जवळजवळ अकरा तास. शाकाहारी वाचकांनो, तिकीट काढताना "हिंदू मील" निवडू नका, त्यात कोंबडी येऊ शकते. "एशियन व्हेजिटेरियन" निवडा. मी दशम्या, मेतकूट आणि भाजलेले शेंगदाणे बरोबर नेले होते. नरिताला उतरल्यावर फोनसाठी फक्त इंटरनेट चालणारं सिम घेतलं, टोकियोपर्यंत एक गाडी आणि तिथून क्योतोला बुलेट ट्रेन, सव्वादोन तास. फलाटावर डबा नेमका कुठे थांबणार त्याच्या खुणा असतात. मी एकोणीस वर्षं इंजिनिअरिंग ऑफिसात नकाशे काढले आहेत, खुणा वाचता येणं ही माझी भाकरी होती. गाडीत बसल्यावर मी नचिकेतला खिडकीतल्या डोंगराचा फोटो पाठवला आणि खाली लिहिलं, "मदत नको आहे, फक्त फोटो."

पहिले दोन दिवस खाण्याचे हाल झाले, ते लपवत नाही. जपानमध्ये मासा ताटात नसला तरी पाण्यात असतो. तिथल्या बहुतेक रश्श्यांच्या आणि सुपांच्या मुळाशी सुकवलेल्या माशाचा अर्क असतो, त्याला दाशी म्हणतात. वरून दिसणारी निष्पाप भाजी, टोफू, नूडल्स, सगळीकडे हा अर्क. मी एक कार्ड छापून नेलं होतं, त्यावर जपानीत लिहिलं होतं की मासे, मांस आणि माशाचा अर्कही खात नाही. लोक ते कार्ड दोन्ही हातांत धरून मनापासून वाचायचे आणि मनापासून नाही म्हणायचे. मग मी कोपऱ्यावरच्या दुकानातून, म्हणजे न्यूझीलंडमध्ये ज्याला डेअरी म्हणतात तशाच पण चोवीस तास उघड्या किराणा दुकानातून, खारवलेल्या आलुबुखारसारखं आंबट फळ भरलेला भाताचा त्रिकोणी गोळा घ्यायचे आणि त्यावर मेतकूट भुरभुरायचे. ही जोडी इतकी झकास लागते, की मी ती इथे हेन्डरसनलाही करते.

तिसऱ्या दिवशी बाजारफेरी. सकाळी दहाला गल्लीच्या पश्चिम टोकाशी जमायचं होतं. आम्ही सहाजण होतो. आमची गाइड युकी, तिशीची, पिवळा रुमाल बांधलेली काठी हातात घेऊन उभी होती. तीन तासांचे आणि सहा ठिकाणच्या चवींचे मिळून साधारण शंभर न्यूझीलंड डॉलर होतात. मी महिनाभर आधी ईमेल करून माझं खाणं कळवलं होतं आणि तिने माझ्यासाठी वेगळी यादी करून आणली होती. तुम्ही जाणार असाल तर हे आधी कळवाच, तिथे आयत्या वेळी काही होत नाही.

युकीने सगळ्यांकडून एक फॉर्म भरून घेतला. अडचणीच्या वेळी कोणाला कळवायचं, असा एक रकाना होता. मी पेन हातात धरून जरा वेळ थांबले. मग नचिकेतचा नंबर लिहिला, कारण दुसरा कोणाचा पाठ नव्हता.

"तुम्ही एकट्या आल्यात?" युकीने फॉर्म वाचून विचारलं. ती इंग्रजीत बोलत होती, मी मराठीत देते. "घरच्यांना काळजी वाटली नाही?"

"वाटली. म्हणून तर आले."

पर्थहून आलेले एक निवृत्त गृहस्थ बायकोबरोबर होते. ते म्हणाले, "गुड ऑन यू." चालता येतं, वाचता येतं, पैसे देता येतात, तरी माझं अभिनंदन कशाबद्दल चाललंय ते मला कळेना. मी थँक यू म्हटलं आणि पुढे जाऊन उभी राहिले.

युकीने तीन नियम सांगितले. चालता चालता खायचं नाही, ज्या दुकानातून घेतलं त्याच्यासमोर उभं राहून संपवायचं. घासाघीस करायची नाही. आणि मालाला हात लावायचा नाही, हवं ते बोटाने दाखवायचं. मी तिन्ही नियम नीट ऐकले, आणि मान डोलावली.

निशिकी जेमतेम चारशे मीटर लांब आहे, पण त्या चारशे मीटरला आम्हाला दोन तास पुरले नाहीत. छपराला लाल, पिवळ्या, हिरव्या काचा, खाली दोन माणसं समोरासमोर आली की खांदे घासतील इतकी वाट. सोयाबीनच्या दुधातले छोटे गरम डोनट खाल्ले. दुधावर साय यावी तशी सोयाबीनच्या दुधावर येणारी साय, तिला युबा म्हणतात, ती खाल्ली. वांग्याचं जांभळं लोणचं खाल्लं आणि माझ्या आईच्या हातची आंबट-खारट चव आठवून डोळ्यांत पाणी आलं, आलं ते आलं. काडीला टोचलेलं एक छोटं ऑक्टोपस होतं, त्याच्या डोक्यात लाव पक्ष्याचं अंडं भरलेलं. पर्थच्या बाईंनी ते खाल्लं आणि मला म्हणाल्या, "हनी, यू आर मिसिंग आउट." मी म्हटलं, मी बासष्ट वर्षं मिस करते आहे, माझी तब्येत उत्तम आहे. अंडं मला चालतं, म्हणून गुंडाळलेल्या आमलेटच्या दुकानात मी हात पुढे केला तेव्हा युकीने घाईने अडवलं, त्यातही दाशी होती. तिने माझ्यासाठी इतकं लक्षात ठेवलं होतं, हे मला पुढच्या प्रकारानंतर फार टोचलं.

गल्लीच्या मध्यावर भाजीचं दुकान लागलं. बांबूच्या सुपांत भाज्या मांडल्या होत्या. गोल वांगी, लांब हिरव्या मिरच्या, आणि एका सुपात सगळी देठं एका बाजूला करून लावलेली भेंडी. ताजी, लवदार, पाच कोनांची भेंडी. हेन्डरसनच्या देशी दुकानात फिजीहून येते ती प्रवासाने काळवंडलेली असते, नाहीतर पाकिटातली गोठवलेली. मी नियम ऐकले होते, पण माझ्या हातांनी ते ऐकले नव्हते. मी एक भेंडी उचलली, अंगठ्याने शेंडा दाबला. कट्. दुसरी उचलली. कट्.

मालकीणबाई माझ्यापेक्षा दहा वर्षांनी तरी मोठ्या असाव्यात, डोक्याला पांढरा रुमाल. त्या माझ्या हातातल्या दोन तुटक्या भेंड्यांकडे बघत होत्या. युकी कमरेत वाकून माफी मागायला लागली, एकदा, दोनदा, चारदा. पर्थचे गृहस्थ छपराच्या काचा बघायला लागले.

लाज वाटली मला, खूप वाटली. पण लाज वाटली की मी गप्प बसत नाही, उलट जास्त बोलते. मी युकीला म्हटलं, "यांना सांग, मी पूर्ण सूप विकत घेते. माझी चूक झाली. पण हेही सांग, की आमच्याकडे भेंडी अशीच घेतात. कोवळी असेल तर शेंडा कट्कन मोडतो. निबर असेल तर नुसता वाकतो. न मोडता भेंडी घेणाऱ्या बाईला आमच्याकडे भाजी कळत नाही असं म्हणतात."

युकीने भाषांतर केलं, बहुधा बरंच मऊ करून. मालकीणबाईंनी ऐकून घेतलं. मग त्यांनी सुपातली एक भेंडी घेतली आणि स्वतः शेंडा मोडला. कट्. दुसरी घेतली, ती वाकली, मोडेना. त्यांनी ती जवळून पाहिली आणि बाजूला ठेवली. तिसरी मोडली. मग त्या स्वतःकडे बोट दाखवून काहीतरी म्हणाल्या आणि त्यांच्या शेजारची मुलगी तोंडावर हात ठेवून हसली.

"त्या म्हणतात," युकी म्हणाली, "मीपण आता मोडत नाही, नुसती वाकते."

पूर्ण सूप त्यांनी मला दिलं नाही. आम्ही दोघींनी मोडलेल्या चार भेंड्या कागदी पिशवीत घातल्या आणि तेवढ्याचेच पैसे घेतले. युकी बाकीच्यांना घेऊन पुढच्या सुऱ्यांच्या दुकानाकडे निघाली आणि मला "या हं" म्हणून गेली. मी दोनच मिनिटं थांबले. बाईंना वांग्यांबद्दल विचारायचं होतं, हातवाऱ्यांनी. भरली वांगी हातवाऱ्यांनी समजावून सांगायला दोन मिनिटं पुरत नाहीत.

मान वर केली तेव्हा पिवळा रुमाल कुठेच नव्हता. सुऱ्यांच्या दुकानात कोणी ओळखीचं नव्हतं. मागे लोकांचा लोंढा, पुढे लोंढा. मी पुढे गेले, मग वाटलं मागे राहिले असतील, मागे आले, मग एका आडव्या बोळात शिरले आणि एकदम मोठ्या रस्त्यावर आले. बस, मोटारी, ऊन. टूरचा कागद, ज्यावर युकीचा नंबर होता, तो गेस्टहाउसच्या टेबलावर होता. मी घाबरले. फोनवरचा नकाशा उघडला पण अक्षरं डोळ्यांत शिरेनात. कुकरच्या वेळी मी घाबरले नव्हते. इथे घाबरले, आणि माझ्या मनात हेच आलं की नचिकेत म्हणतो ते खरं आहे.

आणि मी त्याला फोन लावला.

हे मी कोणालाच सांगितलं नव्हतं. व्हॉट्सॲपवर लावला, दोनदा रिंग झाली, मग पडद्यावर आलं की तो दुसऱ्या कॉलवर आहे. मी फोन पर्समध्ये टाकला आणि रस्त्याच्या कडेच्या कठड्यावर बसले. हातात भेंडीची पिशवी होती. जरा वेळाने मी पर्समधली पेन्सिल काढली, पिशवीवर एक सरळ रेघ ओढली आणि तिच्या खाली दुसरी. हा मोठा रस्ता, हा बाजार. क्योतोचे रस्ते वहीच्या चौकटींसारखे आखलेले आहेत. बाजार म्हणजे एक रेघ, त्याच्या पूर्व टोकाला देऊळ आहे आणि फेरी तिथेच संपणार आहे, हे युकीने सकाळी सांगितलं होतं. सूर्य कुठे आहे ते बघितलं आणि चालायला लागले.

देवळाच्या कंदिलांखाली सगळे उभे होते. युकीचा चेहरा पांढराफटक पडला होता. "मी फार शोधलं," ती म्हणाली. "शेवटी तुमच्या मुलाला फोन केला. सॉरी." तेवढ्यात माझा फोन वाजला.

"आई, आर यू ओके? गाइडचा फोन आला होता, तू हरवलीस म्हणून."

"मी सापडले. माझी मीच सापडले," मी म्हटलं. "आणि फोन तिने केला, मी नाही. लक्षात ठेव."

"ओके, आई," तो म्हणाला.

युकीची मी मनापासून माफी मागितली, वाकून, तिच्यासारखीच. शेवटची चव म्हणून तिने सगळ्यांना गार बार्लीचा चहा आणि शेंगदाण्याच्या कुटासारखी पिठी लावलेली लुसलुशीत मिठाई दिली. ती इतकी चांगली होती की मी दुसऱ्यांदा मागितली. संध्याकाळी गेस्टहाउसच्या सामाईक स्वयंपाकघरात चार भेंड्या चिरून मीठ-मिरचीवर परतल्या. चार भेंड्यांची भाजी वाटीभरसुद्धा होत नाही, पण बावीस वर्षांत इतकी कोवळी भेंडी मी खाल्ली नव्हती.

उरलेले चार दिवस मी एकटीने काढले. देवळं बघितली, जवळच्या नारा शहरात जाऊन हरणांना बिस्किटं घातली, एका मठात एकही मासा न शिवलेलं सात वाट्यांचं जेवण जेवले. मठातलं जेवण महाग आहे, पण शाकाहारी माणसाने एकदा तरी ते जेवावं, आदल्या दिवशी फोन करून जागा सांगावी लागते. बाजारात आणखी दोनदा गेले. मालकीणबाईंनी मला लांबून ओळखलं आणि भेंडीचं सूप हसत मागे सरकवलं. फेरीबद्दल विचाराल तर जरूर घ्या. तीन तासांत जे कळतं ते एकटीने फिरून आठवड्यात कळत नाही. फक्त कागद बरोबर ठेवा आणि हात खिशात ठेवा.

ऑकलंडला उतरल्यावर बाजारातून आणलेलं लोणच्याचं पाकीट कस्टम्सला डिक्लेअर केलं, त्यांनी बघून परत दिलं. मालिया घ्यायला आली होती. घरी आले, खिडकी उघडली, लिंबाचं झाड जागेवर होतं. पैज मी जिंकले होते, म्हणजे सगळ्यांच्या लेखी जिंकले होते. रिकार्टनच्या मैत्रिणीने मैत्रिणींच्या ग्रुपवर टाळ्यांची चित्रं टाकली. आणि मला काही केल्या बरं वाटेना. चहा करताना, भांडी लावताना, तो कठडा आणि ती दोनदा वाजलेली रिंग आठवायची.

रविवारी नचिकेतचा नेहमीचा व्हिडिओ कॉल आला. मांडीवर इरा, माझी नात, तिला मराठी सगळं समजतं पण उत्तर इंग्रजीत देते.

"नचिकेत," मी म्हटलं, "गाइड तुझ्याशी बोलत होती तेव्हा मीपण तुला फोन लावला होता. मदतीसाठीच."

"माहितीये," तो म्हणाला. "मिस्ड कॉल दिसतोय."

"मग बोलला नाहीस ते?"

"तू सांगतेस का बघत होतो." तो हसत नव्हता. "सो टेक्निकली, आई, यू लॉस्ट."

"हो. हरले," मी म्हटलं. "आणि मी येत नाही."

"व्हॉट? पैज तूच लावली होतीस."

"मीच लावली होती, आणि तीच चूक झाली. माझं घर पैजेत लावायची वस्तू नव्हती. ज्याला कधीच कोणाची मदत लागत नाही त्यानेच आपल्या घरात राहायचं, हे कोणी ठरवलं? मला मदत लागते. मालियाची लागते, त्या बंबवाल्यांची लागली, युकीची लागली. तुझीपण लागेल, आणि लागली की मी न लाजता फोन करीन. पण तो इथून करीन."

पडद्यावर मला त्याच्या मागची खिडकी दिसत होती, आणि खाली ते गॅरेज.

"सो आजी इज नॉट कमिंग?" इराने विचारलं.

"नो," तो म्हणाला.

"देन कॅन वी गो देअर?"

नचिकेतने माझ्याकडे बघितलं. "डिसेंबरमध्ये येऊ का आम्ही? दोन आठवडे?"

"या," मी म्हटलं. "वरणाचा कुकर मीच लावीन."